गार्देलच्या बाजूचा मिशीवाला

"मॅडम, सगळं जग गार्देल ऐकतं आणि तुम्ही त्याच्या बाजूच्या माणसाबद्दल काय बोलत बसता?" स्पॅनिश शिकवायला लागल्यापासून दरवर्षी कुणी ना कुणी हे विचारतंच. आता तुम्हीही विचारलंत, म्हणून एकदा लिहूनच टाकते.

गार्देल म्हणजे अर्जेंटिनाचा तांगो गायक, आणि बाजूचा माणूस म्हणजे सिनेमातला विनोदी नट तितो लुसिआर्दो. जन्म १८९६, ब्युनोस आयर्स. तलवारकट मिशी, भुवईवर कललेली हॅट, आणि दुसरी भुवई कायम वर.

त्या शहरात तेव्हा 'कोनवेंतिशो' असायचे. मधे अंगण, भोवती खोल्या, एकेका खोलीत एकेक इटालियन नाहीतर स्पॅनिश बिऱ्हाड, आणि संडास सामायिक. गिरगावात वाढलेल्याला आणखी काही सांगायला नको. या चाळींवर 'साइनेते' नावाची छोटी विनोदी नाटकं धो धो चालत. बोलपट आला, तेव्हा नट, पात्रं, तोंडातली भाषा, सगळं बरंचसं तिथूनच उचललं गेलं. लुसिआर्दोच्या वाट्याला आला तो चाळीच्या तोंडाशी उभा असणारा छैला, 'कोम्पाद्रितो'. खिशात दमडी नाही, पण बूट आरशासारखे. चालतानाही तांगो नाचतोय असं वाटावं.

न्यूयॉर्कमध्ये पॅरामाउंटसाठी कार्लोस गार्देल स्पॅनिश सिनेमे करत होता. १९३५ च्या दोन सिनेमांत, 'एल दिआ के मे किएरास' आणि 'तांगो बार'मध्ये, लुसिआर्दो त्याच्याबरोबर आहे. 'सेंट ऑफ अ वुमन'मध्ये अल पचिनो ज्या सुरांवर नाचतो, ते गाणं या 'तांगो बार'मधलं. (पहिल्या सिनेमात पेपर विकणारं एक पोर दिसतं, तो पुढे तांगोचा मोठा संगीतकार झालेला आस्तोर पियाझ्झोला. पण त्याच्यावर लिहिणारे पुष्कळ आहेत.)

'एल दिआ'मध्ये 'सुएर्ते नेग्रा' नावाचं एक गाणं आहे. तांगो नव्हे, वॉल्ट्झ. तिघं मिळून आपल्या फुटक्या नशिबाला बोल लावतात: गार्देल, लुसिआर्दो आणि मानुएल पेलुफो. एरवी गार्देल गायला लागला की बाकीच्यांनी फर्निचर व्हायचं असतं. इथे मात्र त्याच्या त्या मधाळ आवाजाशेजारी दोन साधे, बोलके, चाळीतले आवाज लागतात, आणि एवढा मोठा गायक मित्रांबरोबर बसल्यासारखा वाटायला लागतो. मला तो तिथेच आवडतो, एकट्याने गातो तेव्हा इतका नाही.

लुसिआर्दो थोर नट होता असं मी म्हणणार नाही. तीच भुवई, तीच हॅट, तोच खांदा उडवणं. लागोपाठ तीन सिनेमे बघितले तर कंटाळा येतो. पण लोकांना तेच हवं होतं, आणि त्याने ते कधी आखडत्या हाताने दिलं नाही.

२४ जून १९३५ ला कोलंबियातल्या मेदेयिनच्या धावपट्टीवर दोन विमानं एकमेकांवर आदळली आणि गार्देल गेला. हे दोन्ही सिनेमे ब्युनोस आयर्समध्ये लागले ते त्यानंतर. कल्पना करा: पडद्यावर गेलेला माणूस गातोय, थिएटरात हुंदके, आणि त्याच्या शेजारी हा इसम भुवई उडवून हसवायला बघतोय. ते चित्रीकरण झालं तेव्हा त्या बिचाऱ्याला काय ठाऊक!

पुढे कित्येक वर्षं तो सिनेमे करत राहिला. पण ओळख चिकटली ती एकच: गार्देलबरोबर होता तो. गेला १९८२ मध्ये, फॉकलंडच्या युद्धात अर्जेंटिनाने शरणागती पत्करून जेमतेम दहा दिवस झाले होते. तारीख २४ जून.

त्या तारखेच्या आसपास वर्गात मी 'सुएर्ते नेग्रा' लावते. गार्देल कोण, ते आधी सांगून ठेवते. लुसिआर्दोचं नाव काढत नाही. गेल्या वर्षी गाणं अर्ध्यावर आलं आणि मागच्या बाकावरून आवाज आला, "तो बाजूचा मिशीवाला कोण हो?"