पांढऱ्या रेनडिअरचा संगीतकार

पुरुषोत्तम करंडकाच्या एका एकांकिकेसाठी भरत नाट्य मंदिराच्या विंगेत हार्मोनियम घेऊन मी पहिल्यांदा बसले, त्याला आता बरीच वर्षे झाली. त्यानंतर ज्या ज्या दिग्दर्शकाबरोबर काम केले, त्याने कधी ना कधी एक गोष्ट बजावलीच: पार्श्वसंगीत असे हवे की ते वाजते आहे हे प्रेक्षकाच्या लक्षातही येता कामा नये. हे मत मला कधीच पटले नाही. का पटले नाही, हे मात्र नीट उमगले ते आइनार एंग्लुंड या फिनलंडच्या संगीतकारामुळे.

‘वाल्कोइनेन पेउरा’, म्हणजे ‘पांढरी रेनडिअर’, हा एंग्लुंड यांनी संगीत दिलेला १९५२ सालचा कृष्णधवल चित्रपट. एरिक ब्लोमबर्ग यांनी तो दिग्दर्शित केला आणि कॅमेराही स्वतःच सांभाळला. त्यांची पत्नी मिर्यामी कुओस्मानेन सहलेखिका आणि नायिका होती. उत्तरेकडच्या बर्फाळ लॅपलँडमधली पिरिता ही नवविवाहिता, रेनडिअर राखणारा नवरा सतत बाहेर असतो म्हणून, त्याचे प्रेम आपल्यावर राहावे या इच्छेने मांत्रिकाकडे जाते, आणि त्याच्या उपायाचे फळ म्हणून स्वतःच पांढरी रेनडिअर होऊन माणसांचा जीव घेऊ लागते. शेवटी तिचा नवराच भाल्याने त्या रेनडिअरला मारतो आणि बर्फात पडलेली आपली बायको पाहतो. या चित्रपटाला १९५३ साली कान महोत्सवात परीकथापटाचा पुरस्कार मिळाला. त्या वर्षी परीक्षक मंडळाचे अध्यक्ष होते फ्रेंच कवी आणि दिग्दर्शक जाँ कोक्तो.

या चित्रपटात संवाद फारच थोडे आहेत. सदाशिव पेठेतल्या माझ्या खोलीत एका रात्री मी सुरुवातीची रेनडिअरच्या गाड्यांची शर्यत आवाज पूर्ण बंद करून पाहिली. पांढऱ्या पठारावरून काळे ठिपके सरकत राहिले. चित्र देखणे होते, पण अंतर किती, वेग किती, कोण कोणाला गाठणार, याचा अंदाज लागेना. मग हेडफोन लावून तेच दृश्य पुन्हा पाहिले, आणि वाद्यवृंदाने धाव घेतली तशी त्या बर्फाला चढ-उतार आले, थंड वारा तोंडावर आला आणि पिरिताच्या हसण्यात पुढच्या अनर्थाची चाहूलही लागली. हे संगीत लपून बसत नाही. कथेत जे पात्र बोलत नाही, म्हणजे तो निर्मनुष्य प्रदेश, त्याचे बोलणे हे संगीत करते. म्हणून ते ऐकू यायलाच हवे.

एंग्लुंड यांचा जन्म १९१६ साली स्वीडनच्या गोटलंड बेटावर झाला आणि त्यांची मातृभाषा स्वीडिश होती. सतराव्या वर्षी ते हेलसिंकीत संगीत शिकायला आले. शिक्षण संपते न संपते तोच युद्ध सुरू झाले आणि त्यांना सोव्हिएत संघाविरुद्धच्या आघाडीवर जावे लागले. तिथे हाताला झालेल्या दुखापतीमुळे पियानो कायमचा सुटतो की काय, अशी वेळ आली होती. १९४६ साली त्यांनी पहिली सिंफनी, म्हणजे वाद्यवृंदासाठीची दीर्घ रचना, लिहिली, जी ‘युद्ध सिंफनी’ म्हणून ओळखली जाते. पाठोपाठ ‘ब्लॅकबर्ड’ ही दुसरी सिंफनी आली आणि फिनलंडचे थोर संगीतकार सिबेलियस यांच्या नंतर कोण, या प्रश्नाला देशाला एक उत्तर मिळाले. स्वतः सिबेलियस तेव्हा हयात होते, पण त्यांचे मोठे लेखन थांबून कितीतरी वर्षे झाली होती. १९४९ साली एंग्लुंड अमेरिकेत टँगलवूडच्या संगीतवर्गात संगीतकार आरन कोपलंड यांच्याकडे शिकून आले. पोटापाण्यासाठी ते जॅझ आणि हलकेफुलके संगीत वाजवत, त्या कामासाठी त्यांनी मार्कुस एये हे टोपणनावही घेतले होते. वीसेक चित्रपटांचे संगीत त्यांनी केले.

या कामाला पोटभरू म्हणून बाजूला सारण्याची रीत तिकडेही आहे आणि आपल्याकडेही. मला ती अन्यायाची वाटते. सिंफनीतला तोच करकरीत ताल, तीच अस्वस्थ धून त्या शर्यतीत आहे. माणूस एकच आहे आणि त्याने हात आखडता घेतलेला नाही.

पुढे काळ फिरला. पन्नाशीच्या दशकाच्या अखेरीस बारा स्वरांच्या गणिती पद्धतीचे वारे फिनलंडमध्ये शिरले आणि एका मुख्य स्वराला धरून लिहिणारे एंग्लुंड जुने ठरू लागले. त्यांनी वाट बदलली नाही; जवळजवळ दहा वर्षे मोठे असे काही लिहिलेच नाही. सिबेलियस अकादमीत शिकवणे आणि ‘हुफ्वुडस्टाड्सब्लाडेट’ या स्वीडिश दैनिकात संगीतसमीक्षा लिहिणे चालू राहिले. आपल्या केशवराव भोळ्यांची इथे आठवण येते; ‘प्रभात’ फिल्म कंपनीसाठी चाली बांधणारा हा माणूस ‘एकलव्य’ या नावाने समीक्षाही लिहीत होता, आणि ‘कुंकू’ या चित्रपटात तर पार्श्वसंगीत जवळपास वर्ज्य करून, दृश्यात जे खरोखर वाजते तेवढेच कानावर पडू देण्याचे धाडस त्या मंडळींनी १९३७ सालीच केले होते. संगीत कुठे नको, हे ज्याला कळते त्यालाच ते कुठे हवे हेही कळते.

१९७१ साली तिसऱ्या सिंफनीने एंग्लुंड यांचे मौन सुटले आणि १९८८ पर्यंत त्यांच्या सात सिंफनी पूर्ण झाल्या. १९९९ साली ते गोटलंडवरच वारले. त्यांची १९७६ ची चौथी सिंफनी मी सर्वांत जास्त वेळा ऐकली आहे. रशियन संगीतकार शोस्ताकोविच यांच्या स्मृतीसाठी लिहिलेली ही रचना फक्त तंतुवाद्ये आणि तालवाद्ये यांच्यासाठी आहे, आणि तिच्या दुसऱ्या भागात घड्याळाची टिकटिक सतत चालू असते. परवा तालमीहून परतल्यावर ती पुन्हा लावली, तेव्हा त्या टिकटिकीत मला ‘कुंकू’मधल्या म्हाताऱ्या नवऱ्याचे, काकासाहेबांचे, भिंतीवरचे घड्याळ ऐकू येत राहिले.