तीन पायऱ्या खाली

जुन्या धुळ्यात माझ्या मावशीचं घर नळाच्या लाइनीच्या पार टोकाला होतं. नळाला जोर नसायचा, म्हणून अंगणात खड्डा खणून तोटी खाली उतरवलेली. तीन पायऱ्या उतरायच्या, उकिडवं बसायचं आणि कळशी तिरकी धरायची. वरच्या गल्ल्यांत मोटारी लागल्या की धार करंगळीएवढी व्हायची. समोरच्या आजी दारातूनच विचारायच्या, "पानी उनं का वं माय?" म्हणजे, पाणी आलं का गं?

आता मी शहरांच्या पाण्याचा इतिहास अभ्यासते, आणि तो खड्डा मला कुठल्याही नकाशापेक्षा जास्त सांगतो. नकाशात लाइन मावशीच्या दारापर्यंत गेलेलीच दिसते.

धुळ्याची नवी पेठ वसवली ती १८१८ नंतर, खानदेशचे पहिले कलेक्टर कॅप्टन ब्रिग्ज यांनी. रस्ते सरळ आखले, व्यापाऱ्यांना बोलावून घेतलं, बिनभाड्याच्या जागा दिल्या, घर बांधायला उचलही दिली. आपण त्या सरळ रस्त्यांचं कौतुक करतो आणि ते खरंच देखणे आहेत. पण जागा आणि उचल कोणाच्या हाती पडली, हे विचारल्याशिवाय त्या रस्त्यांचा इतिहास अर्धाच राहतो.

पाण्याचं तर त्याहून उघड आहे. ४ ऑगस्ट १९२३ला मुंबई कायदे कौन्सिलात सी. के. बोले यांचा ठराव मंजूर झाला : सरकारी पैशातून बांधलेले, राखलेले पाणवठे, विहिरी, धर्मशाळा अस्पृश्यांनाही खुल्या. पुढच्या वर्षी महाड नगरपालिकेनेही तसा ठराव केला. तरी चवदार तळ्याचं पाणी ओंजळीत घ्यायला २० मार्च १९२७ उजाडावा लागला, आणि त्या दिवशी माणसांनी मारही खाल्ला. पाणवठा सगळ्यांच्या पैशाचा, पण हात कोणी लावायचा ते जात ठरवत होती.

आमच्या पांझरा नदीवरच्या फड पद्धतीचा मला अभिमान आहे. फड म्हणजे बंधाऱ्याच्या पाण्यावर मिळून भिजणारा शेतांचा गट. पाणी कमी पडलं की टोकाच्या शेतालाही वाटा मिळायचा, पाणी द्यायला पाटकरी आणि पीक राखायला जागल्या असायचे. मात्र ज्याच्याकडे फडात जमीनच नाही, तो त्या वाटपात कुठेच नव्हता. हे मी वर्गात मुद्दाम सांगते.

मावशीच्या अंगणात आता फरशी आहे, खड्डा बुजवला. धुळे, अमळनेर, चोपडा, कुठेही तुमच्या घरी असा खड्ड्यातला नळ होता का? किती पायऱ्या उतराव्या लागायच्या आणि खाली कोण उतरायचं, तेवढं लिहून कळवा. आमच्याकडे मावशीच उतरायची, गुडघे गेले तरी.