पुकारा झाला तेव्हा

मंगळवार, रात्री

आज मामेबहिणीसोबत कौटुंबिक न्यायालयात गेले होते. तिचा घटस्फोटाचा अर्ज गेल्या महिन्यात फेटाळला गेला. पुकारा झाला तेव्हा ती हजर नव्हती आणि वकीलही दुसऱ्या कोर्टात उलटतपासात अडकलेले. माहेर निफाडकडचं, पण शेवटचा संसार पंचवटीत, म्हणून केस नाशिकला. त्या दिवशी पोरगं तापाने फणफणलेलं आणि ही सरकारी दवाखान्याच्या रांगेत. कोर्टाला कोण आणि कसं कळवणार? तिला तरी कुठे कोणी कळवलं! भाच्याने ईकोर्ट्सच्या ॲपवर केस बघितली, तेव्हा पुढची तारीखच दिसेना.

वकिलांनी आज दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ९ समजावला. अर्जदार नाही आणि समोरचा हजर असेल, तर अर्ज फेटाळला जातो आणि त्याच कारणावरून नवा अर्ज करता येत नाही. फेटाळलेलाच पुन्हा उभा करून घ्यावा लागतो. दोघंही नसतील तर नव्याची वाट उघडी राहते. तिचा नवराही त्या दिवशी फिरकला नव्हता. त्याच्या न येण्याचा तिला झालेला हा पहिलाच फायदा.

पण नवा अर्ज म्हणजे पुन्हा नोटीस, पुन्हा समुपदेशन. त्यापेक्षा जुनाच पुन्हा फाइलवर घ्या, असा अर्ज दिला. त्याला मुदत ३० दिवस, आणि तीही फेटाळल्याच्या तारखेपासून, आपल्याला कळलं तेव्हापासून नव्हे. ती उलटली होती, म्हणून विलंबमाफीचा वेगळा अर्ज आणि प्रतिज्ञापत्र. पुरावा म्हणून दवाखान्याचा केसपेपर. घामाने मऊ पडलेला, घडीवर फाटत आलेला, पण तारखेचा शिक्का शाबूत. तो तिने टाकून दिला नाही, हेच नशीब.

नियमावर माझा राग नाही. समोरच्याला नुसतं झुलवायला अर्ज ठोकून घरी बसणारेही असतात. पण सामनेवाला आला नाही तर काय होतं? आधी नोटिसा, मग एकतर्फी निकाल, आणि तोही ‘समन्स मिळालंच नाही’ हे पटवून रद्द करून घेता येतो. हिचा अर्ज गेला तशी त्यातली अंतरिम पोटगीही पुढे थांबली. एका सकाळी न येण्याची ही किंमत मला तरी जास्त वाटते.

बाईमाणसाला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, हे १९८७च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यातच आहे. हिला ते आज कळलं, तेही बाकावर शेजारी बसलेल्या एका आजीकडून! आमच्या वकिलांच्या फीचा विषय मी तिथे काढला नाही.

नवऱ्याला नोटीस काढायचा हुकूम झाला. पुढची तारीख नेमकी कांदालागणीत येतेय. मुकादमाला आजच सांगून ठेव म्हटलं, आणि आदल्या रात्रीच माझ्याकडे मुक्कामाला ये. पोराला घेऊन.