हसताना बारीक होणारा डोळा

चेहऱ्याच्या लकव्याचा पेशंट आम्हा फिजिओथेरपिस्टांकडे येईपर्यंत बहुतेक वेळा उशीरच झालेला असतो. ही मुलगी तेराव्या दिवशी आली. बेल्स पाल्सीत, म्हणजे चेहऱ्याच्या एका बाजूच्या अशा अचानक आलेल्या लकव्यात, स्टिरॉइडचा खरा उपयोग पहिल्या ७२ तासांत. ते दिवस 'वारं लागलंय' म्हणत कोमट तेल चोळण्यात गेले. मग कुणी फुगे फुगवायला सांगितले, आणि आमच्यातल्याच एकाने करंटचं मशीन लावलं. मशीन लावलं की पेशंटला काहीतरी केल्यासारखं वाटतं, बिलही होतं. असो.

वय २६, प्रायोगिक नाटकांत काम करणारी. मालिकेत एक छोटी भूमिका नुकतीच मिळाली होती, ती गेली. डावा डोळा मिटत नव्हता, चहा ओठाच्या कोपऱ्यातून ओघळत होता.

फुगे का नकोत, हे मी रोज कुणाला तरी समजावते. मज्जातंतू पुन्हा वाढताना त्याच्या फांद्या वाट चुकतात. ओठाकडे निघालेली पापणीत पोचते. मग हसलं की डोळा बारीक होतो आणि डोळा मिटला की ओठ वर ओढला जातो. याला सिंकायनेसिस म्हणतात. जोर लावून व्यायाम केला तर ही चुकीची जोडणीच पक्की होण्याची भीती. म्हणून आमचं काम उलटं: समोर आरसा, आणि जेमतेम दिसेल न दिसेल एवढंच हसू. डोळा हलला की थांब. पुन्हा. वीस मिनिटं हेच. बघणाऱ्याला वाटतं, बाई पैसे कशाचे घेतात!

चौथ्या महिन्यात ती फार खचली होती. धीर द्यावा म्हणून मी ललिता पवारांची गोष्ट सांगितली. येवल्याची मुलगी, मूकपटांपासून पडद्यावर, पुढे नायिका. १९४२ मध्ये 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात भगवानदादांची थप्पड जोरात बसली. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली, डोळा कायमचा अधू झाला. आजार वेगळा, पण चेहरा तसाच. आणि तरी पुढे शेकडो चित्रपट, 'श्री ४२०'मधली गंगामाई, 'रामायण' मालिकेतली मंथरा.

"त्या तेव्हा किती वर्षांच्या होत्या?"

जन्म १९१६ चा. मी मनात हिशेब केला आणि गप्प बसले. तिनेही केला असावा.

"म्हणजे मी आता सासवाच करायच्या का, मॅडम?"

चूक माझीच. नायिकेची खाष्ट सासू झाली, ही गोष्ट सव्वीस वर्षांच्या मुलीला धीर म्हणून सांगायची नसते. आपण सगळे ती तशीच सांगतो. बाईंना काय वाटलं असेल, हे त्यात कुठेच नसतं.

ती पुढच्या आठवड्यात येणार नाही, असं मी धरून चालले होते. आली. मोबाइलवर 'अनाडी'तली मिसेस डिसा थांबवून ठेवलेली. याच भूमिकेसाठी बाईंना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. वरून कजाग, आतून मऊ अशी घरमालकीण. मी हा सिनेमा निदान चारदा पाहिलाय, पण पेशंटकडे बघावं तसं त्या चेहऱ्याकडे कधी पाहिलं नव्हतं.

"इथे बघा. रागावल्यात, पण तो डोळा वेगळंच काहीतरी बोलतोय." मग जरा थांबून म्हणाली, "या तुमच्याकडे आल्या असत्या, तर तुम्ही हे घालवलं असतं ना?"

"प्रयत्न केला असता," मी म्हणाले. खरं तेच होतं.

तिने मोबाइल पालथा ठेवला. मी आरसा पुढे सरकवला. ती हसली, नेहमीपेक्षा जास्तच, आणि डावा डोळा बारीक झाला. 'थांब' म्हणायला मला दोनेक सेकंद उशीर झाला.