नाईक कॅमेऱ्यामागे बसले तेव्हा

भाचा म्हणाला, "मामानू, फिल्म तुमच्यावरच आसा. तुमचा काम तुमीच करा."

फिल्मची गोष्ट एवढीशीच. कुडाळकडच्या एका जत्रेत रात्रभर नाटक करून दशावतारी पहाटे घरी येतो, खोबरेल तेलाने तोंडाचा रंग काढतो, चहा घेतो. 'रात्री राजा, सकाळी डोक्यावर बोजा' असं आमच्याबद्दल म्हणत आलेत. आता पेटारे टेम्पोतून जातात, पण पहाटेचे पाय तसेच जड असतात.

मी २६ वर्षं संकासुर करतो. मुख्य नाटकाआधीच्या आडदशावतारात वेद चोरणारा हा काळ्या वेशातला असुर आला की पुढचं सगळं तोंडचं, कागद नाही. नाईक, म्हणजे पेटीवर बसणारे आमचे सूत्रधार, विचारणार, मी उत्तर देणार. त्या गावचा रस्ता, नळाचं पाणी, परवाच झालेलं लग्न, काहीही निघतं. विष्णू येऊन मारेपर्यंत मंडप हसता ठेवायचा. पहिला हशा कुठून उठला यावर दुसरं वाक्य कधी टाकायचं ते ठरतं, आणि मृदंगावरच्या माणसालाही ते बरोबर कळतं.

आमच्या खळ्यात कॅमेरा लागला, सदऱ्याच्या आत माइक चिकटवला. "तुमी काय एक करू नकात, जसे आसात तसेच ऱ्हवा." मी बोललो तर आवाज मंडपाच्या शेवटच्या रांगेपर्यंत जाईल असा. तो उतरवायला अर्धी सकाळ गेली. मग दुसरीच अडचण. प्रत्येक टेकला माझं वाक्य बदलायचं. भाचा म्हणे, मघाचंच बोला, नाहीतर जोडायचं कसं? पण जे एकदा बोललो ते पुन्हा तसंच बोलायची सवयच नाही. समोर हसणारं कोणी नाही, मग थांबायचं तरी कुठे? हे मला त्याला नीट सांगता येईना आणि जीव तळमळला.

दुपारी मीच सुचवलं, आमच्या नाईकांना बोलावून घे. ते आले, कॅमेऱ्यामागे पाटावर बसले. पेटी आणली नव्हती, तरी बोटं मांडीवर चालत होती. त्यांनी विचारावं, मी तेल चोळत उत्तर द्यावं. त्यांचा आवाज नंतर काढून टाकायचा ठरलं. कॅमेरा थांबवायचाच नाही, एकच लांब टेक.

बिदागी, टेम्पोचं भाडं, पोरांची शाळा, सगळं विचारून झालं. भाचाही हसू दाबत होता. मग नाईकांनी माझ्या आईबद्दल न ठरवलेलं विचारलं, "तुझी आवस खंय बसायची रे जत्रेत?"

मी म्हटलं, "दुसऱ्या रांगेत. खाज्याची पुडी मांडयेर घेवन." पुढचं काही सुचलं नाही. कापसाचा बोळा गालावर तसाच राहिला, तेल मानेवरून सदऱ्यात उतरलं. नाईकही गप्प, मांडीवरची बोटंसुद्धा थांबली.

भाच्याने कॅमेरा चालूच ठेवला. फिल्ममध्ये तो तुकडा पुरा आहे, आणि नाईकांचा तेवढा एक प्रश्न त्याने काढलेला नाही.