तुम्ही विचारलंत म्हणून: मी संगीतकार का झालो नाही

"इतकी वर्षं दुसऱ्यांची गाणी सजवलीत, स्वतःची का नाही केलीत?" लग्नात, दवाखान्यात, कुठेही विचारतात. मी 'नाही जमलं' म्हणून विषय संपवतो. ते अर्धंच खरं आहे.

मी अरेंजर. चाल संगीतकाराची; सुरुवातीचा पीस, अंतऱ्यांमधलं म्युझिक, मागची व्हायोलिन्स माझी. सेबॅस्टियन डिसूझांनी शंकर-जयकिशनची किती गाणी उभी केली, कुणाला ठाऊक? अँथनी गोन्साल्विस हे नाव तोंडी आहे, पण ते 'अमर अकबर अँथनी'तल्या 1977च्या गाण्यामुळे. लक्ष्मीकांत-प्यारेलाल जोडीतल्या प्यारेलालजींच्या या अरेंजर गुरूच्या कामामुळे नव्हे. 2012च्या कायदादुरुस्तीने संगीतकार-गीतकारांचा रॉयल्टीचा हक्क पक्का केला. आम्हाला शिफ्टचे पैसे मिळतात, पुढे काही नाही. रडत नाही, हिशेब सांगतोय.

तर ती सकाळ. ताडदेवचा स्टुडिओ, मराठी चित्रपट. मुखडा संगीतकार दादांना सुचत नव्हता, आदल्या रात्री म्हणाले, "तूच बसव रे." बसवला. पहाटेपर्यंत नोटेशन उतरवलं. रिहर्सल झाली, वादक खूश. दादा आले, डोळे मिटून ऐकलं आणि म्हणाले, "शेवटी शुद्ध निषादावरून सा वर येतोस ना, तिथे कोमल घे. आणि सा वर येऊच नकोस."

कोमल म्हणजे अर्धा सूर खालचा नी. माझ्या व्हायोलिन्सच्या ओळीत ठिकठिकाणी शुद्ध निषाद. सगळं त्याच्याशी भांडणार. बारा व्हायोलिन्स, बारा कागद. मी खोडरबर घेऊन एकेका स्टँडपाशी वाकून खोडत होतो आणि मनातल्या मनात शिव्या घालत होतो.

तिसऱ्या टेकला गाणं ओके झालं. श्रेयनामावलीत संगीतकार दादा. मी चकार शब्द काढला नाही. घरी मात्र बायकोपुढे तावातावाने म्हणालो, "एका स्वराने गाणं त्यांचं कसं होतं?"

त्या चिडलेल्या मला आज सांगावंसं वाटतं: बाबा, लोक गुणगुणतात ते नेमकं तिथेच, त्या अधांतरी कोमल निषादावर. तुझा मुखडा नीट होता, पण नीटच होता. पुढे एक चित्रपट स्वतंत्र मिळाला, तेव्हा पीस झकास झाले. मुखडे आठवत नाहीत, मलासुद्धा.

पण तो चिडलेला लगेच उलटून विचारतो, "बाकीचे स्वर कुणाचे होते?" याला मी काय सांगू?

कधीतरी पेटी काढून दोन्ही शेवट वाजवतो. परवा पुन्हा माझाच बरा वाटला.