व्यवसाय : काही नाही

"आई काय करायची?" वकील मॅडमनी विचारलं.

"काही नाही. घरीच असायची."

मॅडमनी पेन खाली ठेवलं. "हे कोर्टात म्हणू नका हं," म्हणाल्या आणि रकान्यात स्वतःच 'गृहिणी' लिहिलं. लेक मी तिची, आणि तोंडातून निघालं ते हे.

आई रस्ता ओलांडताना टेम्पोखाली गेली. त्यावर इथे लिहिणार नाही, पंचनाम्यात आलंय तेवढं पुरे. टेम्पोचा विमा होता, म्हणून दावा विमा कंपनीवरही लावता आला. मोटार वाहन कायद्यात दोन वाटा आहेत. कलम 164 खाली गेलात तर मृत्यूला 5 लाख, चूक कोणाची ते सिद्ध करायला नको. 166 खाली गेलात तर जास्त मिळू शकतं, पण ड्रायव्हरची चूकही दाखवायची आणि गेलेल्या माणसाची कमाईही. भाऊ म्हणाला, पाच घेऊन टाकू, कोण हेलपाटे घालणार? मीच हट्ट धरला. तोंडातून गेलेलं ते 'काही नाही' मला खोडायचं होतं.

आता कमाई दाखवायची कशी? जिला पगार नव्हता तिचं उत्पन्न कोर्ट धरून चालतं. कागदात शब्द येतो 'मानीव'. पूर्वी कायद्याच्या परिशिष्टातच होतं की, न कमावणाऱ्या जोडीदाराचं उत्पन्न कमावत्याच्या एक तृतीयांश धरावं. म्हणजे नवरा साहेब तर बायकोची पोळीही महाग! मॅडमनी जुने निकाल काढून दाखवले. जमशेदपूरला 1989 मध्ये लागलेल्या आगीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2001 मध्ये गृहिणीच्या कामाचे महिन्याला 3,000 रुपये धरले होते. जानेवारी 2021 च्या निकालात तर 2019 च्या पाहणीचे आकडेच आहेत : बिनपगारी घरकामात बाईची दिवसाला सरासरी 299 मिनिटं जातात, पुरुषाची 97. हे 97 वाचून बाबा पहिल्यांदा हसले. "माझी कुठली एवढी?"

पुरावा म्हणून मॅडमनी काहीही आणा म्हटलं. मी स्वयंपाकघरातलं कॅलेंडर काढून नेलं. प्रत्येक चौकोनात आईचं बारीक अक्षर. 'दू. अर्धा कमी.' 'सिलिंडर लावला.' 'वीजबिल भरले.' अपघाताच्या तारखेला 'गोळ्या आणणे', त्यासाठीच ती बाहेर पडली होती. आणि पुढच्या आठवड्यात, ती गेल्यानंतरच्या चौकोनात, 'सासूबाई डोळे, 11 वा.' ही वेळ घेतलीय हे तिच्याशिवाय घरात कुणाला माहीतच नव्हतं. आजीची ती तारीख चुकलीच.

कॅलेंडरला कोर्टात नंबर पडला, निशाणी 31. उलटतपासणीत विमा कंपनीच्या वकिलांनी विचारलं, आईंच्या नावावर पॅन कार्ड होतं का? नाही. स्वतःचं बँक खातं? बाबांबरोबर जॉइंट. हे अक्षर मयताचंच, कशावरून? मी म्हटलं, तिने मला पाटीवर अक्षर शिकवलंय. न्यायाधीशांनी ते लिहून घेतलं की नाही, देव जाणे.

निकालात महिना 9,000 रुपये धरले. पुढची वाढ म्हणून, वय 52 असल्याने, 10 टक्के मिळवले. झाले 9,900. बाबा, आजी आणि शिकणारा भाऊ, असे अवलंबून तिघे, म्हणून तिचा 'स्वतःवरचा खर्च' एक तृतीयांश वजा. हे मला फार लागलं. आई स्वतःवर एक तृतीयांश खर्च करायची? राहिले 6,600. वर्षाचे 79,200. त्या वयाला गुणक, म्हणजे वर्षाच्या रकमेला ज्याने गुणायचं तो आकडा, 11 (तरुण माणसाला 18 पर्यंत जातो, वय वाढेल तसा उतरतो). झाले 8,71,200. त्यावर अंत्यविधी, सहवास गमावणं यांच्या ठरीव रकमा आणि व्याज. बाबांच्या वाट्यातले बरेचसे एफडीत ठेवायचा हुकूम.

पाचपेक्षा बरेच जास्त मिळाले, त्यामुळे भाऊ आता काही बोलत नाही. पण आजीला सांभाळायला जी बाई ठेवलीय, ती फक्त दिवसा येते, रविवारी सुट्टी घेते आणि 9,000 पेक्षा जास्त घेते. तिच्या पावत्याही आम्ही दिल्या होत्या. त्या निशाणी 32.

बाबांनी आकडा एकदा ऐकला, पुन्हा विचारला नाही. बाहेर आल्यावर मॅडमना म्हणाले, "ते कॅलेंडर परत मिळेल ना?"

मॅडम म्हणाल्या, अपिलाची मुदत संपल्यावर अर्ज करू.

तेव्हापासून ते दर आठवड्याला मला आठवण करतात, अर्जाची.